दुसऱ्याच्या गाण्याची शाल

अमेरिकेतल्या रेडमंडच्या मराठी मंडळींपैकी कुणालाही ओताकाकांबद्दल विचारा. लगेच उत्तर येईल, "अरे, ते गणपतीतल्या एकांकिकेला म्यूझिक देणारे फॉरिनर काका ना? माणूस गोरा, पण ढोलकी काय पकडली होती यार!" सांगणारा स्वतः व्हिसावर आलेला असतो, पण त्याच्या लेखी फॉरिनर ओताकाका. असो. ते ढोलकीचं संगीत ओताकाकांनी केलेलं नव्हतं. ते कुणी केलं हे आजतागायत कुणाला कळलेलं नाही. आणि ओताकाकांनी उन्हाळाभर बसून जे संगीत खरोखर केलं होतं, ते त्या सभागृहात वाजलंच नाही. का वाजलं नाही, हे ती एकांकिका लिहिणाऱ्या आश्लेषा सरनाईकला पक्कं ठाऊक आहे. त्यामुळे पार्टीत कुणी त्या ढोलकीचा विषय काढला, की तिला नेमकं काहीतरी आणायला स्वयंपाकघरात जावं लागतं.

त्यांचं पूर्ण नाव ओताकार शिंबेरा. जन्म मोराव्हियातल्या एका छोट्या गावातला, म्हणजे तेव्हाच्या चेकोस्लोव्हाकियातला. वडील गावच्या बँडचे मुख्य. लग्नाला तोच बँड आणि मयतालाही तोच, फरक फक्त टोप्यांचा. पोराचा कान तयार आहे म्हणून त्याला शहरात संगीत शिकायला धाडलं, आणि तिथून तो प्रागला सिनेमाच्या स्टुडिओत जाऊन पोचला. आधी बाहुल्यांच्या फिल्म्स, मग एक-दोन मोठे सिनेमे, मग टेलिव्हिजन. एका गुप्तहेराच्या मालिकेचं शीर्षकसंगीत त्यांचं, आणि रात्री मुलांना झोपवण्याआधी लागणाऱ्या एका कार्यक्रमाची धूनही त्यांचीच. ती सुरू झाली की देशभरातली पोरं मुकाट्याने अंथरुणात शिरत.

मग अडुसष्ट साली रशियाचे रणगाडे प्रागमध्ये घुसले. त्याविरुद्ध काही कलावंतांनी एक निवेदन काढलं, त्यावर ओताकाकांनी सही केली. वर्षभराने वरून सांगण्यात आलं, सही मागे घ्या. पुष्कळांनी घेतली. ह्यांनी घेतली नाही. कुणी शूर म्हटलेलं त्यांना आवडायचं नाही. "सकाळी मागे घेणारच होतो," ते म्हणायचे, "पण बायकोकडे बघून धीर झाला नाही." त्या दिवसापासून पडद्यावर त्यांचं नाव यायचं बंद झालं.

नाव बंद झालं, काम नाही. पावेल नावाचा त्यांचा एक स्नेही होता, बेताच्या कुवतीचा पण भला संगीतकार. त्याने आपलं नाव देऊ केलं. संगीत ओताकाकांनी लिहायचं, सही पावेलने करायची. हा प्रकार वीस वर्षं चालला. झोपेच्या कार्यक्रमाची धूनही पावेलच्या नावावर गेली. ओताकाकांची मुलगी यितका वर्गात सगळ्यांबरोबर ती धून गुणगुणायची, पण ती आपल्या बाबांची आहे हे बोलायची तिला सक्त मनाई होती.

पावेलची एक गोष्ट मात्र ओताकाका पुनःपुन्हा सांगायचे. त्या संगीताला बक्षीस मिळालं किंवा पेपरात वाहवा झाली, की दुसऱ्या दिवशी सकाळी पावेल मागच्या जिन्याने वर यायचा. टोपी हातात धरून दारात उभा राहायचा. माफी मागायचा नाही, काही बोलायचाच नाही. मिळालेलं पदक टेबलावर ठेवायचा, दोघं कॉफी प्यायचे आणि तो परत जायचा. "तो कधी चुकला नाही," ओताकाका सांगायचे. "आला नसता, तर मी त्याचा द्वेष केला असता."

एकोणनव्वद साली ते कम्युनिस्ट सरकार गेलं. आता नावं दुरुस्त करायला हरकत नव्हती, पण तोवर पावेल गेला होता, आणि मेलेल्या माणसाच्या तोंडचा घास काढायला ओताकाका तयार नव्हते. पुढे बायको गेली. यितका रेडमंडच्या मोठ्या सॉफ्टवेअर कंपनीत लागली होती. तिने २००१ साली बाबांना आपल्याकडे आणलं. सोबत एक सुटकेस होती, आणि स्टुडिओतलं एक जुनं स्टॉपवॉच.

आश्लेषा त्याच अपार्टमेंट कॉम्प्लेक्समध्ये एक मजला वर राहायची. नागपूरची मुलगी, सॉफ्टवेअर टेस्टिंगमध्ये, नवरा श्रीरंग त्याच धंद्यात. नोकरी पोटासाठी, जीव सगळा नाटकात. २००५च्या गणेशोत्सवासाठी तिने 'परतीची बॅग' नावाची एकांकिका लिहिली होती. वडील सहा महिने मुलाकडे राहून भारतात परत निघालेत, आदल्या संध्याकाळी बॅग भरतायत, आणि मुलगा लॅपटॉपवरून मान वर करत नाही, एवढीच गोष्ट. स्वतःच्या वडिलांना विमानतळावर सोडून आल्यावर तिने ती एका बैठकीत लिहिली होती.

तालमी कॉम्प्लेक्सच्या क्लबहाउसमध्ये चालायच्या. तिथे एक पियानो होता, आणि ओताकाका रोज दुपारी तो वाजवायला यायचे. शनिवारी मराठी मंडळींनी जागा अडवली, तर हे उठून जाण्याऐवजी कोपऱ्यात बसून राहिले. एक अक्षर न कळता अख्खी तालीम पाहिली. शेवटी सिद्धेशने, म्हणजे नाटकातल्या वडिलांनी, बॅगेची चेन ओढली. ओताकाका उठले आणि त्यांनी पियानोवर हलकेच काहीतरी वाजवलं. चार-पाच सूर. वर जायला निघालेले आणि अर्ध्यावर थांबलेले. आश्लेषाला तिचे बाबा सिक्युरिटीच्या रांगेत दिसले, आणि ती ग्लानी आल्यासारखी खाली बसली.

"तुम्ही माझ्या नाटकाला संगीत द्याल?" तिने विचारलं. दोघं इंग्रजीत बोलायचे, दोघांचंही शिकून आणलेलं, त्यामुळे कुणालाच घाई नसे.

"पैसे नकोत," ते म्हणाले. "एकच मागणं आहे. जिथे माझं नाव असेल तिथे माझं संगीत असावं. आणि जिथे माझं संगीत असेल तिथे नाव. इतकी वर्षं हे दोघं एकत्र नांदले नाहीत."

आश्लेषा हसून म्हणाली, "प्रॉमिस."

उन्हाळाभर ते प्रत्येक तालमीला आले. मंडळींनी त्यांचं ओताकाका करून टाकलं. त्यांना पोहे आवडले, मिरची आवडली नाही. हातात स्टॉपवॉच धरून ते सिद्धेशला बॅगेची चेन पुन्हापुन्हा ओढायला लावायचे. चेन संपते तिथेच शेवटचा सूर संपला पाहिजे, असा त्यांचा हट्ट. सिद्धेश वैतागायचा, "काका, बॅग आहे, ऑपेरा नाही!" पण ओढायचा. यितकाने लहानपणी सोडलेली क्लॅरिनेट पुन्हा हातात घेतली आणि रेकॉर्डिंगला स्वतः वाजवली. सीडी तयार झाली त्या दिवशी ती आश्लेषाला म्हणाली, "बाबा इतके खूश मी कधी पाहिले नाहीत." तिने शोसाठी आपल्या चेक मित्रांची तिकिटंही काढून ठेवली.

आणि मग शोच्या दोन दिवस आधी रंगीत तालमीला प्रतापकाका आले.

प्रतापकाका म्हणजे मंडळाचे अध्यक्ष. सत्तरच्या दशकात आलेले इंजिनियर, आता निवृत्त, आणि निवृत्त माणसाचा सगळा उत्साह मंडळावर सोडलेला. माणूस वाईट नव्हे. शंभर माणसांची पंगत उठवायची ताकद, कुणाच्या घरी आजारपण असलं की डबा घेऊन पहिले हजर. पण नाटक त्यांना हसवणारंच लागायचं. तालीम संपली आणि ते म्हणाले, "अगं आश्लेषा, नाटक छान आहे. पण हे मागे काय रडगाणं लावलंयस? सणाला आलेले लोक आहेत, मयताला नाही. पब्लिक उठून पार्किंग लॉटमध्ये जाईल!"

"काका, ते संगीत खास ह्याच नाटकासाठी..."

"हे बघ." त्यांनी पिशवीतून एक सीडी काढली. मुलीकडे न्यू जर्सीला गेले होते तेव्हा आयसेलिनला, ओक ट्री रोडवरच्या दुकानात घेतलेली. कव्हरवर नाचणाऱ्या दोन बायका, संगीतकाराचं नाव कुठेच नाही. आत ढोलकी आणि कीबोर्ड, नुसता धुमाकूळ. "हे लाव. बॅग भरताना हे वाजलं तर सीनच कॉमेडी होतो की नाही बघ."

सिद्धेश हसला. बाकीचेही हसले. आश्लेषाने श्रीरंगकडे पाहिलं. साउंड त्याच्याकडे होता. तो वायरी गुंडाळत राहिला.

आता इथे तिने नाही म्हणायला हवं होतं. ती काही भित्री नव्हती. ऑफिसात भल्याभल्या मॅनेजरांना तुमचं सॉफ्टवेअर चालत नाही म्हणून तोंडावर सांगायची. पण अमेरिकाभरच्या मराठी मंडळांच्या अधिवेशनाला आपल्या मंडळातर्फे कुठलं नाटक पाठवायचं, ते प्रतापकाका ठरवणार होते. हजारो प्रेक्षक, मोठा रंगमंच. तिला ते हवं होतं, आणि किती हवं होतं हे तिला त्याच क्षणी कळलं.

"आणि ओताकाकांना काय सांगायचं?" तिने विचारलं. विचारलं म्हणजे हार मानलीच.

"सांगायचं कशाला? म्हातारा माणूस, उगाच मन दुखवायचं? नाव अनाउन्स करू, स्टेजवर बोलावून शाल-श्रीफळ देऊ. मान राहिला की झालं. आणि एवढ्या गोंधळात त्याला काय कळतंय!"

आपल्याकडे हे फार सोपं असतं. ज्याला नाही म्हणता येत नाही, त्याला शाल द्यायची. वडीलधाऱ्याच्या तोंडावर खरं बोलणं हा उद्धटपणा, आणि त्याच्या पाठीमागे त्याचं काम फेकून त्याच्या खांद्यावर जरीची शाल टाकणं हा सन्मान. त्या खोलीतल्या एकालाही ह्यात वावगं वाटलं नाही. आश्लेषाला वाटलं, पण तिने ते गिळलं.

घरी येताना श्रीरंग म्हणाला, "तू जाऊन सांगून टाक ना यार. एक मजला खाली तर राहतात."

ती दुसऱ्या दिवशी गेलीही. जाताना रिकाम्या हाताने कसं जायचं म्हणून उकडीचे मोदक घेऊन गेली. ओताकाकांचा काळा सूट दाराला टांगला होता आणि ते बूट पुसत बसले होते. "मी पहिल्या रांगेत बसणार नाही," ते म्हणाले. "संगीतकाराने मधे बसायचं. तिथून कळतं लोक कुठे खोकतात ते."

तिने तोंड उघडलं. आणि त्यातून निघालं ते एवढंच, "उद्या गर्दी फार असेल, पार्किंग मिळणार नाही. तुम्हाला त्रास होईल. नाही आलात तरी चालेल."

"आम्ही बसने येऊ," ओताकाका आनंदाने म्हणाले आणि त्यांनी दुसरा मोदक उचलला.

बेलव्ह्यूच्या एका शाळेचं सभागृह खचाखच भरलं होतं. तिसरी घंटा झाली, अंधार झाला, आणि प्रथेप्रमाणे विंगेतून नावं वाचली गेली. लेखन-दिग्दर्शन आश्लेषा सरनाईक. संगीत, ओताकार शिंबेरा. नाव अगदी स्वच्छ उच्चारलं गेलं, कारण आश्लेषाने स्वतः ते वाचणाऱ्याकडून घोटून घेतलं होतं. तेवढं तरी चोख करू, असं तिला वाटलं होतं. विंगेच्या फटीतून तिला ते दिसत होते. मधल्या रांगेत, एका बाजूला यितका, दुसऱ्या बाजूला तिचे चार-पाच मित्र. नाव ऐकताच मित्रांपैकी एकाने त्यांचा खांदा दाबला. ओताकाकांनी खिशातून स्टॉपवॉच काढलं.

आणि ढोलकी सुरू झाली.

लोक खळखळून हसले. प्रतापकाकांचं काही चुकलं नव्हतं. तो सीन खरोखरच कॉमेडी झाला. सिद्धेशनेही प्रेक्षकांच्या टाळीवर चेन उलटसुलट ओढून दाखवली. आश्लेषाच्या बाबांचं ते बॅग भरणं, ते मुकाट उभं राहणं, सगळ्याचा तमाशा झाला, आणि तिच्या कुठल्याच नाटकाला आजवर मिळाल्या नव्हत्या एवढ्या टाळ्या पडल्या. तिने एकदाच फटीतून पाहिलं. यितका वळून बाबांकडे बघत होती. क्लॅरिनेट तिने वाजवली होती, तिला सांगायची गरज नव्हती. ओताकाका समोरच बघत होते. स्टॉपवॉच त्यांनी खिशात परत ठेवलं होतं.

मग त्यांना स्टेजवर बोलावलं. ते आले. प्रतापकाकांनी शाल पांघरली, नारळ हातात दिला, फोटोग्राफरने सगळ्यांना जवळ जवळ उभं केलं, म्हणून आश्लेषाला त्यांच्या खांद्याला खांदा लावून उभं राहावं लागलं. त्यांनी तिच्याकडे पाहिलं. रागाने नाही. बिल्डिंगमध्ये चुकून दुसऱ्याच्या दाराशी आलेला माणूस बघतो, तसं. मग कुणीतरी माईक पुढे केला. उन्हाळ्यात शिकलेला एकच मराठी शब्द ते बोलले, "धन्यवाद." सभागृहाने टाळ्यांनी छप्पर डोक्यावर घेतलं. आश्लेषाला वाटलं, ह्यांनी ओरडून सांगितलं असतं तर बरं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिला पावेल आठवला. टोपी हातात घेऊन दारात उभा राहणारा. एक मजला खाली. तिने चप्पल घातली, जिन्यापर्यंत गेली, आणि काय बोलायचं ते सुचेना म्हणून परत आली. पावेल काहीच बोलायचा नाही, हे तिला तेव्हा सोयीस्करपणे आठवलं नाही. सोमवारी म्हटलं, आता ऑफिस. मग म्हटलं, वीकेंडला निवांत जाऊ. पुढे ती लवकरची बस धरायला लागली, मागच्या जिन्याने उतरायला लागली. क्लबहाउसचा पियानो ऐकू येईल म्हणून घरात टीव्ही लावून ठेवायची. पियानो ऐकू येत नव्हता, ही गोष्ट वेगळी. ओताकाकांनी क्लबहाउसला जाणं सोडलं होतं.

एकदा मात्र ती सापडली. पत्रपेट्यांपाशी ओताकाका उभे होते, आणि मंडळातली सलोनी त्यांच्यापुढे आपल्या मुलीला ढकलत होती. "अंकलना गाऊन दाखव ना बेटा, त्यांचं साँग आहे!" मुलीने तोंडाने ढोलकी वाजवत ती आयसेलिनची धून गाऊन दाखवली. "शी लव्ह्ज युअर म्यूझिक, अंकल!" सलोनी म्हणाली. ओताकाकांनी वाकून मुलीच्या डोक्यावर हात ठेवला. खाली मान घालून म्हणाले, "थँक यू." आश्लेषा खांबाआड उभी होती. एक शब्द बोलायचा होता. तो न बोलता ती आपल्या पेटीतली पत्रं तशीच ठेवून वर पळाली. असलं कौतुक त्यांना रोज कुठे ना कुठे गाठत असणार, हे तिला त्या दिवशी कळलं.

डिसेंबर उजाडला. अधिवेशनासाठी 'परतीची बॅग'ची निवड झाल्याचं प्रतापकाकांनी फोनवर कळवलं, "ढोलकी तेवढी हलवू नकोस हं," असंही बजावलं. दुसऱ्या दिवशी शनिवार. बाहेर रेडमंडचा तो न थांबणारा पाऊस, श्रीरंग भाजी आणायला गेलेला. सकाळी स्वयंपाकघराच्या बाजूचं, मागच्या जिन्याचं दार वाजलं. ते दार कधी कुणी वाजवत नसे.

तिने उघडलं. ओताकाका उभे होते. एका हातात टोपी, दुसऱ्या हातात घडी घातलेली शाल आणि तिच्यावर तो नारळ.

आले शेवटी जाब विचारायला, तिला वाटलं, आणि खरं सांगायचं तर सुटल्यासारखंही वाटलं. "काका, मी यायला हवं होतं," ती घाईघाईने बोलायला लागली. "मी तुम्हाला तोंडावर..."

त्यांनी मान हलवली. तिला बोलू दिलं नाही.

"मी आधीच यायला हवं होतं," ते म्हणाले. "जिना चढवेना. सगळे मला रस्त्यात थांबवतात. छान संगीत, म्हणतात. मुलं गाऊन दाखवतात. मी हो म्हणतो. नाही म्हणालो तर तुझं नाव खराब होईल, म्हणून हो म्हणतो. पण ते माझं नाही ना. कुणीतरी बसून लिहिलं असेल ते. कुठेतरी असेल तो माणूस." त्यांनी शाल आणि नारळ पुढे केले. त्यांच्या चेहऱ्यावर जे होतं ते तिने ओळखलं, कारण तीन महिने ती आरशात तेच बघत होती. "मी चौकशी केली. त्याचं नाव कुणालाच माहीत नाही. मग हे कुणाच्या दारात नेऊन ठेवू? मला तू एकटीच माहीत आहेस."

आश्लेषाने नारळ घेतला. आतलं पाणी कधीच सुकून गेलं होतं, हलवल्यावर खोबरं आत खडखडलं. ओताकाका टोपी हातात धरून उभेच राहिले, काही न बोलता, पावेल उभा राहायचा तसे. तिला धाय मोकलून रडायचं होतं, पण अशा माणसासमोर आपल्या रडण्याचं कौतुक कशाला, असं वाटून तिने ते आवरलं.

"आत या काका," ती म्हणाली. "कॉफी करते."

आणि कॉफीचं पाणी ठेवून, त्यांच्या देखत, तिने प्रतापकाकांना फोन लावला.